नऊ दिवसांची पट्टी

नासलेल्या बटाट्याचा वास आधी नाकाला लागत नाही, घशाला लागतो. वैद्यिणीला हे लग्न होऊन या घरात आली त्याच वर्षी कळलं होतं. पण त्या सुगीत तो वास घशातून पोटात उतरला आणि तिथेच मुक्काम ठोकून बसला. काढणी अर्ध्यावर आली असताना चार दिवस अवेळी पाऊस लागला. भिजलेला माल शेतात ठेवता येईना, म्हणून सगळा घरात आणून ओतला. पुढची खोली भरली, मग मधली भरली. बटाटे घरात आणि माणसं पडवीत, असा उलटा कारभार सुरू झाला.

एक नासका शेजारच्या दहांना नासवतो, त्यामुळे रोज ढीग उपसायचा. वैद्यीण सकाळी बसायची ती दिवस कलेपर्यंत. बटाटा उचलायचा, अंगठ्याने दाबायचा. टणक असला तर उजवीकडे, दबला तर डावीकडे. कधी अंगठा सालीतून थेट आत जायचा आणि आतलं पांढरं पाणी मनगटापर्यंत ओघळायचं. नखांतला गर साबणाने निघत नव्हता. त्याच हाताने जेवायचं म्हटलं की घास तोंडापाशी येऊन थांबायचा.

तिचा नवरा हाडं बसवायचा. आसपासची सगळी गावं त्याला वैद्य म्हणत, म्हणून ही वैद्यीण. वैद्यकी म्हणून हिच्या वाट्याला एवढंच की जुन्या चादरींच्या पट्ट्या फाडायच्या आणि अंड्याचा पांढरा बलक डिंकात घोटून लेप करायचा. बाकी सगळा मान त्याचा. मोडलेलं हाड हाताने जुळवायचा, वर लेप थापायचा, चार बाजूंनी बांबूच्या कामट्या लावायचा आणि पट्टी आवळायचा. लेप वाळला की दगड. ही पट्टी नऊ दिवस सोडायची नाही, हा त्याचा नियम, त्याच्या बापाचा आणि बापाच्या बापाचाही. रोगी विव्हळला की तो म्हणायचा, "दुखतंय म्हणजे जुळतंय."

गेली तीन वर्षं हे वाक्य त्याची मुलगी म्हणायची. सतरा वर्षांची होती. लहानपणापासून झाडावर नाहीतर पत्र्यावर चढलेली असायची, म्हणून तिला सगळे खार म्हणत. बाप पट्टी आवळत असताना रोग्याचा पाय घट्ट धरून ठेवायचं काम तिचं. तिच्या तोंडून "दुखतंय म्हणजे जुळतंय" ऐकलं की भले भले बाप्ये ओठ चावून गप्प व्हायचे.

पावसाच्या चौथ्या दिवशी ट्रॉलीत पोती भरताना पुन्हा ढग आले. ताडपत्री बांधायला कोण चढणार? खारच. ती वर गेली, दोर ओढला, आणि ओली पोती एकदम सरकली. पोत्यांबरोबर तीही खाली आली. उजवी नडगी ट्रॉलीच्या कठड्यावर आपटली. काटकी मोडावी तसा आवाज अंगणात सगळ्यांनी ऐकला.

"मोठ्या दवाखान्यात नेतो हिला," ट्रॉलीवाला म्हणाला. "पोती उतरवतो, तासाभरात पोचू."

वैद्य हसला. "सोनारानंच कान टोचावेत म्हणतात. मी घरात असताना माझी पोरगी दुसऱ्याच्या हातात देऊ?"

त्याने तिथेच, चिखलात गुडघे टेकून पाय बसवला. अंगणात दहा-बारा माणसं जमली होती आणि तो त्यांच्यासाठी काम करत होता, हे वैद्यिणीला तेव्हाही दिसलं. खारीने एकदाही ओरडून दाखवलं नाही. पट्टी पुरी झाली तरी त्याने आणखी एक मागितली.

"घरचं काम आहे," लोकांकडे बघत तो म्हणाला. "दोन वेढे जास्तच घेऊ."

ते दोन वेढे. पुढे कितीतरी दिवस वैद्यीण भांडी घासताना, पाणी भरताना मनात ते दोन वेढे सोडवत राहिली.

खारीची खाट मधल्या खोलीत, ढिगाच्या कडेला लावली. दुसऱ्या दिवशीच पोरगी पांढरी पडली.

"बाबा, सोडा. घट्ट झालंय."

"पहिले दोन दिवस असंच वाटतं."

"मला माहीत आहे कसं वाटतं ते. हे तसं नाही. बोटांत सुया टोचल्यासारखं होतंय."

पडवीत दोन रोगी बसले होते. एकाचा खांदा निखळला होता, एकाचं मनगट सुजलं होतं. वैद्याने त्यांच्याकडे वळून डोळे मिचकावले आणि मोठ्याने म्हणाला, "लोकांना काय सांगतेस गं तू? म्हण बघू."

खारीने पट्टीकडे हात नेला.

"म्हण. हेही ऐकतायत."

"दुखतंय म्हणजे जुळतंय," खार म्हणाली. तिच्या डोळ्यांतून पाणी कानात जात होतं. मनगटवाला मनापासून हसला. वाईट माणूस नव्हता, पण हसला.

तिसऱ्या दिवशी बटाटे निवडताना वैद्यिणीला खाटेवर खुडबुड ऐकू आली. खार उठून बसली होती आणि बोटांनी गाठ उकलत होती. वाळलेल्या डिंकावर तिचं एक नख मुळापासून उलटलं होतं. वैद्य आत आला, बायकोला म्हणाला, "हात धर तिचे." तिने नासक्या गराने बरबटलेल्या हातांनी पोरीचे दोन्ही हात धरले. नवऱ्याने गाठीवर नवा लेप थापला. खार ओरडली नाही. आईकडे बघत राहिली. वैद्यिणीने मान फिरवली आणि म्हणाली, "सोस गं बाई. तुझ्याच भल्याचं आहे." हे तिचे शब्द. दुसऱ्या कुणाचे नाहीत.

चौथ्या दिवशी दुखणं थांबलं.

"बघ!" वैद्याने मांडीवर थाप मारली. "जुळलं! उगाच घर डोक्यावर घेतलं होतं."

पडवीत त्याची विधवा बहीण राहायची. खार तिला आत्या म्हणायची, म्हणून सगळं घरच आत्या म्हणायचं. चार महिन्यांपूर्वी तिने खारीसाठी एक स्थळ आणलं होतं आणि तेव्हापासून पोरीच्या अंगावर ओरखडा आला तरी तो तिला स्थळाच्या अंगावर आल्यासारखा वाटायचा. तिनेही आत डोकावून सुस्कारा सोडला. "सुटलो बाई. थोडी लंगडली तरी चालेल, लुगड्याखाली झाकतं."

संध्याकाळी खार म्हणाली, "आई, माझा पाय आहे का बघ गं."

"आहे की. जातोय कुठे?"

"मला नाही वाटत तो तिथे आहे असं."

वैद्यिणीला हसू आलं. ती हसली, आणि नासक्यांची पाटी उचलून परसात खड्ड्यात टाकायला गेली.

पाचव्या दिवशी ताप चढला. हाड जुळताना ताप येतोच, असं वैद्य म्हणाला, आणि आत्याने मान डोलावली. घरातला वास आता अंगणापर्यंत येत होता. शेजारीण कुंपणापलीकडून नाकाला पदर लावून विचारायची, "किती राहिलेत हो बटाटे?" वैद्यीण म्हणायची, दोन दिवसांचे. माश्या इतक्या झाल्या की ताटावर हात हलवतच जेवावं लागे. ताटातलं ती निम्मं टाकून द्यायची. मनाशी म्हणायची, एकदा का ढीग संपला की सगळं ठीक होईल.

सहाव्या दिवशी संध्याकाळी ढीग संपला. चांगला माल ट्रॉलीवाला घेऊन गेला, नासका खड्ड्यात गेला, वर माती ओढली. सातव्या दिवशी उजाडल्याबरोबर वैद्यिणीने दोन्ही खोल्या धुतल्या. फिनेल टाकून घासल्या, खिडक्या सताड उघडल्या, पाणी खराट्याने बाहेर काढलं. मग उंबऱ्यावर टेकली आणि आठवड्यात पहिल्यांदा खोल श्वास घेतला.

वास तिथेच होता.

तिने हात हुंगले. पदर हुंगला. खराटा हुंगला. कोपऱ्यात एखादा राहिला असेल म्हणून ढिगापाशी जशी हुंगत जायची तशी ती एका भिंतीपासून निघाली. नाकाच्या मागे मागे चालत ती खाटेपाशी येऊन थांबली.

तिने चादर वर केली. कामट्यांच्या खालून पाचही बोटं बाहेर आलेली होती. काळी, आणि काळ्यातही हिरवट. वरची कातडी सैल पडून सुरकुतली होती. कामट्यांच्या फटींतून पिवळं पाणी गादीत झिरपलं होतं आणि त्यावर माश्या नांदत होत्या. आठवडाभर हाताला जी सवय लागली होती तिने दगा दिला. वैद्यिणीने न कळत पोरीच्या अंगठ्यावर आपला अंगठा ठेवून दाबलं. साल सरकली.

"काय आहे गं?" आढ्याकडे बघत खारीने विचारलं. तिला काही कळलंच नव्हतं.

"काही नाही," वैद्यीण म्हणाली, आणि बाहेर जाऊन फिनेलच्या पाण्यात ओकली.

तोंड पुसून ती कात्री घेऊन आली. लेप कात्रीला दाद देईना, तेव्हा विळ्याचं टोक घालून फोडला. आवाज ऐकून वैद्य धावत आला.

"काय करतेस? नऊ दिवस व्हायचेत!"

पट्टी उघडली. वैद्याने बघितलं, आणि पहिली गोष्ट काय केली तर दोन पावलं मागे जाऊन उपरण्याने नाक झाकलं. जन्मदाता बाप. मग उपरण्याआडून म्हणाला, "वारा लागला. तू सोडलीस म्हणून हे झालं."

त्या क्षणी वैद्यिणीला नवऱ्याची जी किळस आली ती पुढे कधी गेली नाही. वीस वर्षं एका ताटलीतलं खाल्लेलं माणूस, आणि तिला वाटलं याचा स्पर्श झालेलं भांडंसुद्धा राखेने घासावं. पण भांडायला वेळ नव्हता. ती अनवाणी ट्रॉलीवाल्याकडे पळाली.

मोठ्या दवाखान्यात ते अकराच्या आत पोचले. ट्रॉलीत खार पोत्यांवर निजलेली, उशाशी आई, पायथ्याला कोणी नाही. बाप आणि आत्या पुढे, वाऱ्याच्या बाजूला.

डॉक्टरीणबाई बुटकी, चष्मा केसांत खोचलेली. तिने नाक झाकलं नाही. वाकून नीट बघितलं, मांडीपर्यंत हात फिरवून कुठे गरम लागतं ते पाहिलं आणि बाहेर येऊन सांगितलं, "पाय मेलाय. विष वर चढतंय. गुडघ्याखाली कापावा लागेल, आणि तेही लगेच. नाहीतर मुलगी हातची जाईल."

नर्सने कागद आणला. समोर तिघं होती, दोन बायका आणि एक बाप्या. तिने सवयीने कागद बाप्याच्या हातात दिला. "इथे पालकाची सही करा."

वैद्याने कागद वरपासून खालपर्यंत वाचला. चार घड्या केल्या. सदऱ्याच्या खिशात ठेवला.

"विचार करून सांगतो."

"विचार कसला?" नर्स म्हणाली.

"पोरीचा पाय आहे. शेंगा नाहीत तोडायला."

आणि तो विचार करायला चहाच्या टपरीवर गेला. आत्या वैद्यिणीशेजारी बाकावर बसली आणि कुजबुजू लागली, "हाडवैद्याच्याच पोरीचा पाय कापला म्हणून लोक काय म्हणतील? त्याच्या दारात कुत्रं फिरकणार नाही. आणि तुटकी पोरगी पत्करतंय कोण? जन्मभर सांभाळायची. त्यापेक्षा..." पुढचं तिने गिळलं. वैद्यिणीला मात्र ते न बोललेलं पूर्ण ऐकू आलं. ती उठून दुसऱ्या बाकावर जाऊन बसली.

दार अर्धं उघडं होतं. आतून खारीचा आवाज आला. तापाने जड, पण स्पष्ट.

"माझी सही घ्या ना."

"वय किती तुझं?" डॉक्टरीणबाईने विचारलं.

"अठराला तीन महिने कमी आहेत."

"मग नाही चालत गं. पालकाचीच लागते."

"पाय माझा असला तरी?"

"तरी. कायद्याने तू अजून लहान."

"लोकांची हाडं धरायला मोठी होते," खार म्हणाली. "आत्याने स्थळ आणलं तेव्हाही मोठी होते. आता लहान झाले होय?"

डॉक्टरीणबाई सलाइनकडे वळली. तिने बाटलीची नळी सारखी केली.

बारा वाजता ती बाहेर आली, सही झाली का म्हणून. एक वाजता आली. दोन वाजता वैद्य टपरीवरून परतला, तेव्हा तिने त्याला व्हरांड्यातच अडवलं.

"तुम्हाला कळतंय का, तिथे आत काय चाललंय?"

"तीस वर्षं हाडं बसवतोय मी. तुमच्याएवढ्या पोरींनी मला शिकवू नये. घरी नेतो, माझा लेप लावतो."

"लेप? कुणाला? मेलेल्या पायाला?"

"पोरीचं काय करायचं ते बाप ठरवेल. माझा हक्क आहे तो."

"बाबा!" आतून खार ओरडली. "कापू द्या!"

"तू गप. तुला काय कळतंय."

व्हरांड्यातली माणसं बघत होती. वैद्याने सदरा खाली ओढला, खिशावर हात ठेवला आणि ताठ उभा राहिला. अंगणात पट्टी बांधताना उभा राहिला होता अगदी तसाच. वैद्यीण भिंतीला पाठ टेकून बघत होती. तिच्या मनात राग होता, भीती होती, पण आता काय करायचं हे नव्हतं. घरातली सही म्हणजे त्याची सही. शेताचा कागद असो, शाळेचं प्रगतिपुस्तक असो, सही तोच करायचा. तिला सही येत होती. खारीनेच पाटीवर गिरवून घेऊन शिकवली होती. पण ती लागेल असा प्रसंग कधी आलाच नव्हता. तिने नवऱ्याच्या खिशाकडे बघत, त्यातला कागद बाहेर येण्याची वाट बघत चार तास घालवले. देवळात बसतात तशी बसली होती.

तीन वाजता डॉक्टरीणबाई आली ती खुर्चीत धपकन बसली. "मी वरून परवानगी मागवलीय. उद्या येईल. उद्यापर्यंत काही खरं नाही."

काय सुचलं कोण जाणे, वैद्यीण उठली. ती डॉक्टरीणबाईसमोर जाऊन उभी राहिली.

"बाईमाणसाची चालते का?"

"काय?"

"सही. बाईमाणसाची."

"तुम्ही कोण तिच्या?"

"आई."

डॉक्टरीणबाई तिच्याकडे बघतच राहिली. "अहो, आई-वडिलांपैकी कुणाचीही चालते! तुम्ही सकाळपासून... मला वाटलं तुम्हा सगळ्यांचाच नकार आहे." ती उठली. मग आवाज खाली आणून म्हणाली, "पण आता गुडघ्याखाली नाही भागणार. तासाभरापूर्वी बघितलं मी. गुडघ्याच्या वरून घ्यावा लागेल."

चार तास. एक गुडघा. वैद्यिणीने तो हिशेब तिथल्या तिथे गिळला आणि तो अजून तिच्या पोटात आहे.

"कागद द्या," ती नवऱ्याला म्हणाली.

"माझ्या परवानगीशिवाय सही करशील? हात तोडीन."

"मग तोही बांधा तुम्हीच. कागद द्या."

त्याने खिसा घट्ट धरला. नर्स तिथून जात होती. "अहो मावशी, कागद काय एकच असतो का?" म्हणत तिने टेबलाच्या खणातून गठ्ठाच काढला.

नर्सने बोट ठेवून जागा दाखवली. वैद्यिणीने पेन घेतलं आणि थांबली. "जरा थांबा हं," म्हणाली, आणि कागद घेऊन आत गेली.

खारीचे ओठ फुटले होते. वैद्यिणीने तिच्या कपाळावरचे केस मागे केले. चार दिवसांपूर्वी जे हात धरून ठेवले होते त्यांतला एक हातात घेतला. उलटलेल्या नखावर काळी खपली होती.

"गुडघ्याच्या वरून म्हणतायत," ती म्हणाली. "मी आधी विचारायला हवं होतं, माझी चालते का म्हणून. नाही विचारलं. आता तुला विचारते. करू सही?"

खारीने चादरीखालच्या पायाकडे बघितलं. मग म्हणाली, "मला बघू दे आधी. कुणीच दाखवला नाही मला."

आईने तिला पाठीमागून उचलून धरलं आणि नर्सने चादर काढली. खारीने बघितलं. शेकडो पाय बघितलेले तिचे डोळे. तिने मान वळवली नाही की डोळे मिटले नाहीत.

"कर," ती म्हणाली. "तो आता माझा नाही."

वैद्यिणीने एकेक अक्षर सुटं सुटं काढत नाव लिहिलं. चार वाजता खारीला आत नेलं.

तीन आठवड्यांनी ती कुबड्यांवर घरी आली. घर स्वच्छ होतं, नव्या मोसमाची पेरणी तोंडावर आली होती, आणि पडवीत रोग्यांची रांग होती. पहिल्यापेक्षा मोठी.

कारण वैद्य गप्प बसला नव्हता. "माझ्या हातात होती तेव्हा पाय होता," तो येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगायचा. "बायकोने घाई केली. दवाखान्यात नेली आणि त्यांनी कापला. त्यांना कापायलाच येतं." ऐकणारा च्‌ च्‌ करायचा, आणि आपल्या पोराला दवाखान्यात न नेता इथे आणल्याबद्दल स्वतःवरच खूश व्हायचा. चोराच्या उलट्या बोंबा म्हणतात त्या ह्या. मेलेल्याच्या टाळूवरचं लोणी खाणारी माणसं असतात, हे वैद्यिणीने ऐकलं होतं. इथे तर पोरगी जिवंत होती, भिंतीपलीकडे बसून सगळं ऐकत होती, आणि हा तिच्या कापलेल्या पायावर जेवत होता. वैद्यीण त्याला वाढायची आणि स्वतः ताट घेऊन बसली की दुसऱ्या घासाला उठायची. घशात तोच वास. अंगावरचे कपडे सैल झाले, शेजारीण म्हणाली, पोरीच्या दुःखाने खंगलीस. दुःख होतंच. पण जास्त करून किळस होती, आणि त्यात स्वतःचीही होती, कारण पट्ट्या अजून तीच फाडत होती.

एके दिवशी दहाच्या सुमाराला एक बाई आपल्या आठ वर्षांच्या मुलीला घेऊन आली. परवाच पोरीचा हात बांधून नेला होता. पोर हमसून हमसून दमली होती.

"दोन दिवस झाले झोपली नाही हो," तिची आई म्हणाली. "सोडा म्हणते."

"लहान आहे, रडणारच. दुखतंय म्हणजे जुळतंय." वैद्य दुसऱ्या रोग्याचा पाय चाचपत होता, त्याने वळूनही बघितलं नाही. मग गंमत सुचल्यासारखा पोरीला म्हणाला, "जास्त रडलीस ना, तर दवाखान्यात नेतील. आत ताई आहे, तिचा पाय बघून ये जा. तसा हात करतील तुझा."

आत पट्ट्या फाडणाऱ्या वैद्यिणीचे हात थांबले. शेजारी बसलेल्या खारीने भिंतीला टेकवलेल्या कुबड्या घेतल्या.

ठक ठक करत ती पडवीत आली. पोर घाबरून आईला चिकटली. खार कष्टाने तिच्यासमोर खाली बसली.

"बोटं हलवून दाखवतेस?"

पोरीने प्रयत्न केला. बोटं फुगून निळी पडली होती, हलली नाहीत.

"तुझं नख दाबू का मी? हळूच."

पोरीने मान डोलावली. खारीने दाबून सोडलं. नख पांढरं झालं ते पांढरंच राहिलं.

"मुंग्या येतात?"

"काल येत होत्या. आता हात माझा नसल्यासारखा झालाय."

"खारे, आत जा," वैद्य म्हणाला.

"सोडू का?" खारीने पोरीला विचारलं.

पोरीने आईकडे बघितलं. आई चाचरली, "वैद्य नको म्हणतायत तर..."

"तुमचंही बोलणं होईल, काकू. आधी हिला बोलू द्या." खार पोरीकडे वळली. "हात कुणाचा आहे?"

"माझा."

"मग सांग."

"सोड," पोर म्हणाली.

वैद्य ताडकन उठला. "नऊ दिवस झाले नाहीत! वैद्य कोण आहे इथे?"

खारीने कमरेशी दुमडून खोचलेला परकर सोडून वर घेतला आणि मांडीचं थोटुक सगळ्यांसमोर उघडं केलं. टाक्यांची शिवण अजून लाल होती. पडवीत सात-आठ माणसं होती, आत्या होती, कुणी बघितलं, कुणी खाली बघितलं.

"हा दवाखान्यात कापला," ती म्हणाली. "पण कुजला इथे. या आतल्या खोलीत, नवव्या दिवसाची वाट बघत. सोडा म्हणून मी दुसऱ्या दिवसापासून सांगत होते. आई, खरं की खोटं?"

सगळ्यांच्या माना दाराकडे वळल्या. वैद्यीण तिथे कात्री आणि विळा घेऊन केव्हाची उभी होती.

"खरं," ती म्हणाली. "मीच तिचे हात धरले होते."

आणि पुढे होऊन तिने पोरीच्या आईला विचारलं, "बाई, हिने सांगितलं, आता तुम्ही सांगा. सोडू ना?" बाईने घाईघाईने होय म्हटलं. वैद्यीण विळ्याचं टोक घालू लागली तसा वैद्य आडवा आला, तेव्हा ज्याचा पाय तो चाचपत होता त्याच रोग्याने त्याचा दंड धरला.

लेप फुटला, कामट्या गळून पडल्या. निळ्या बोटांवर हळूहळू तांबूस रंग चढला आणि पोर किंचाळून रडायला लागली, आई गं, दुखतंय. "दुखेल थोडं," खार म्हणाली. "आता हात तुझा आहे ना, म्हणून. लगेच दवाखान्यात जा, तिथे नीट बांधतील." बाई पोरीला कडेवर घेऊन चालती झाली. तिच्यामागून आणखी एकजण उठला. मग आणखी दोघं, काही न बोलता, जोडे पायात सारत.

वैद्य वाकून कामट्या गोळा करू लागला. धुऊन पुन्हा वापरायच्या असत त्या. वैद्यिणीने त्याच्या हातातून त्या घेतल्या, आत नेल्या आणि चुलीत सारल्या. वाळलेला बांबू होता, भरभर पेटला. कोपऱ्यात राहिलेल्या जुन्या जुड्याही तिने एकामागून एक घातल्या. त्या जाळावर भाजी शिजली, भाकऱ्या झाल्या. खार दाराशी बसून बघत होती. बाहेर नवरा कुणाला तरी काहीतरी सांगत होता, पण ऐकायला पडवीत कुणी नव्हतं.

दोघींनी ताटं घेतली. वैद्यिणीने पहिला घास घेतला, मग दुसरा. मग ताट चाटूनपुसून संपवलं आणि टोपलीतली आणखी एक भाकरी घेतली.